लॅपटॉप चार्ज होत नाही? बॅटरी बदलण्याआधी वीज कुठवर पोचते ते बघा

तांबडी तार (धागाकर्ता)

‘लॅपटॉप चार्ज होत नाही’ ही तक्रार इतक्या वेळा येते, आणि दर वेळी उत्तरं इतकी विखुरतात, की सगळं एका जागी असावं म्हणून हा धागा. बहुतेकदा घडतं ते असं: टक्का वाढत नाही म्हणून बॅटरी बदलली जाते, नवी बॅटरी बसते आणि टक्का होता तिथेच राहतो. कारण बॅटरी हा शेवटचा टप्पा आहे. त्याआधी भिंतीतला पॉइंट, वायर, अडॅप्टर, त्याची पिन, लॅपटॉपचा जॅक आणि मदरबोर्डावरचं चार्जिंग सर्किट येतं. वीज यातल्या कुठल्या टप्प्यापर्यंत येते आणि कुठे अडते, ते कळेपर्यंत एकही पार्ट विकत घेऊ नका.

आधी लक्षण नीट ओळखा. अडॅप्टर लावल्यावर काहीच होत नाही, लॅपटॉपवरचा दिवा नाही, पडद्यावर प्लगचं चिन्ह नाही, तर वीज आत शिरतच नाहीये. दोष अडॅप्टर, जॅक किंवा बोर्डाच्या तोंडाशी. चिन्ह येतं, लॅपटॉप अडॅप्टरवर व्यवस्थित चालतो, पण टक्का हलत नाही, तर वीज आत आली आहे आणि बॅटरीला देणं कुणीतरी थांबवलं आहे. हे ‘कुणीतरी’ म्हणजे एखादी सेटिंग, अडॅप्टरची न पटलेली ओळख, बॅटरीचं स्वतःचं संरक्षण सर्किट किंवा बोर्डावरचा चार्जर आयसी (चार्जिंग सांभाळणारी चिप). पिन हलवली की चार्जिंग येतं-जातं, तर वायर किंवा जॅक. आणि चार्जिंग दिसतं पण काम करताना टक्का उतरतो, तर अडॅप्टरचे वॅट कमी पडताहेत.

या चार लक्षणांची औषधं एकमेकांना लागू पडत नाहीत. म्हणून प्रश्न विचारताना लक्षण नेमकं लिहा, मॉडेल लिहा आणि अडॅप्टरच्या लेबलवरचे व्होल्ट आणि अँपिअरही लिहा.

लॅपटॉप न उघडता होणारी पहिली तपासणी पाच मिनिटांची आहे. एक्स्टेन्शन बोर्ड बाजूला ठेवा आणि वायर थेट भिंतीत लावा. अडॅप्टरच्या ठोकळ्यात जी वायर घुसते, तीन पाकळ्यांची किंवा इंग्रजी आठाच्या आकाराची, ती शेवटपर्यंत दाबा. तिथे दोनतीन मिलिमीटरची फट राहिली तरी संपर्क तुटतो, आणि बाहेरून वायर लावलेलीच दिसते. ठोकळ्यावर दिवा असेल तर तो लॅपटॉपला पिन लावण्याआधी पेटतो का आणि लावल्यावरही पेटलेला राहतो का, या दोन गोष्टी वेगवेगळ्या बघा. मग लॅपटॉप पूर्ण बंद करून अर्धा तास चार्जिंगला ठेवा. बंद असताना टक्का वाढला आणि चालू असताना वाढत नसेल, तर हार्डवेअर बहुधा शाबूत आहे.

पाऊलवाट

‘प्लग्ड इन, नॉट चार्जिंग’ असं लिहून येतं आणि टक्का ८० वर अडकतो. अडॅप्टरवर लॅपटॉप छान चालतो. ही बॅटरी गेली असं समजायचं का?

निळा पडदा

नाही. टक्का नेमक्या ६०, ७५ किंवा ८० वर थांबत असेल, तर नव्वद टक्के खात्री बाळगा की चार्जिंगची मर्यादा चालू आहे. लिथियम बॅटरी सतत १०० टक्क्यांवर ठेवली की लवकर म्हातारी होते, म्हणून कंपन्यांनी ही सोय दिली आहे. लेनोवोमध्ये व्हँटेज अ‍ॅपमध्ये ‘कन्झर्वेशन मोड’ किंवा थिंकपॅडला ‘चार्ज थ्रेशोल्ड’ बघा. एसूसमध्ये ‘मायएसूस’मध्ये ‘बॅटरी हेल्थ चार्जिंग’. डेलमध्ये बायोसच्या (विंडोजच्याही आधी उघडणाऱ्या मूळ सेटिंगच्या) बॅटरी विभागात ‘प्रायमरीली एसी यूज’ किंवा ‘कस्टम’. एचपीच्या ऑफिसी मॉडेल्सना बायोसमध्ये ‘बॅटरी हेल्थ मॅनेजर’. मॅकबुकमध्ये ‘ऑप्टिमाइझ्ड बॅटरी चार्जिंग’.

एक बारकावा. थ्रेशोल्ड दोन असतात, सुरू होण्याचा आणि थांबण्याचा. सुरू ७५ वर आणि थांबा ८० वर असेल, तर टक्का ७८ असताना पिन लावली तरी चार्जिंग सुरू होणार नाही. ७५ च्या खाली उतरल्यावरच होईल. मर्यादा बंद असली तरी बरेच लॅपटॉप ९५ च्या वर असताना पुन्हा चार्ज घेत नाहीत. ९७ वर ‘नॉट चार्जिंग’ दिसणं हा बिघाड नाही.

विंडोज नव्याने टाकल्यावर कंपनीचं अ‍ॅप जातं पण मर्यादा टिकून राहू शकते, कारण ती बोर्डावरच्या एम्बेडेड कंट्रोलरमध्ये (वीज आणि चार्जिंगवर लक्ष ठेवणाऱ्या छोट्या चिपमध्ये) साठवलेली असते. मग ती बदलायला तेच अ‍ॅप पुन्हा टाकावं लागतं. लिनक्सवर बॅटरीच्या सिस्टीम फोल्डरमध्ये ‘चार्ज कंट्रोल एंड थ्रेशोल्ड’ नावाची फाइल असते. त्यातला आकडा वाचला की उलगडा होतो.

उन्हाळी

यात तापमानही धरा. लिथियम-आयन सेल चार्ज करायला साधारण ० ते ४५ अंश सेल्सिअस ही मर्यादा पाळली जाते. लॅपटॉप गादीवर ठेवून जड काम चालू असेल, तर बॅटरीतला थर्मिस्टर (तापमान मोजणारा भाग) तापमान वर दाखवतो आणि चार्जिंग थांबतं, टक्का कितीही असो. लॅपटॉप बंद करून कडक, सपाट पृष्ठभागावर तासभर ठेवा आणि मग बघा.

दहा ओहम

आता मल्टिमीटर. साधा डिजिटल मीटरही पुरतो, पण एक चूक सर्रास होते. मीटर डीसीच्या २० व्होल्ट रेंजवर ठेवून २० व्होल्टचा अडॅप्टर मोजला की पडद्यावर डावीकडे नुसता १ येतो आणि माणूस अडॅप्टर मेला असं ठरवतो. स्वस्त मीटरची ती रेंज १९.९९ पर्यंतच असते. २०० व्होल्टची रेंज लावा.

लाल प्रोब पिनच्या आतल्या भागाला, काळा बाहेरच्या कडेला. लेबलवर १९.५ व्होल्ट लिहिलं असेल तर रिकामा अडॅप्टर १९ ते २० च्या आसपास दाखवायला हवा. शून्य आला तर आधी भिंतीकडची वायर बदलून बघा, ती सुटी मिळते आणि तीच बऱ्याचदा गेलेली असते.

पण रिकाम्या अडॅप्टरचे बरोबर आलेले व्होल्ट म्हणजे अडॅप्टर ठीक, असं नाही. मीटर जवळजवळ काहीच करंट घेत नाही. वायरीच्या आत पंचवीसपैकी दोन केस शिल्लक असले तरी मीटर १९.५ दाखवतो. लोड, म्हणजे भार, देऊन मोजायचं. १० ओहम, ५० वॅटचा अ‍ॅल्युमिनियमच्या कवचातला रेझिस्टर घ्या. १९.५ व्होल्टवर तो जवळपास २ अँपिअर ओढतो आणि ३८ वॅट उष्णता सोडतो, म्हणून त्याला धातूच्या जाड पट्टीवर बसवा, पाचदहा सेकंदांत मोजून काढा आणि हात लावू नका. लोडवर व्होल्टेज अर्ध्या व्होल्टच्या आत उतरलं तर चांगलं. १७ किंवा १६ वर गेलं, किंवा वायर वाकवल्यावर आकडा नाचला, तर वायर आतून तुटली आहे. ती जागा जवळपास नेहमीच टोकांजवळ सापडते: पिनपासून पाचसहा सेंटिमीटरमध्ये किंवा ठोकळ्यातून वायर बाहेर येते तिथे. बोटांनी चाचपली की तेवढ्या पट्ट्यात वायर मऊ, लुळी लागते.

ठोकळा स्वतः मात्र उघडू नका. आतल्या मोठ्या कपॅसिटरमध्ये वायर काढल्यावरही शेकडो व्होल्ट उरलेले असू शकतात.

सुटा स्क्रू

दहा ओहम यांच्या प्रतिसादाला एक पुरवणी, फार महत्त्वाची. ७.४ मिलिमीटरच्या जाड गोल पिनच्या मधोमध सुईसारखी बारीक काडी असते, डेल आणि एचपी दोन्हींत. ती काडी म्हणजे प्लस नव्हे. बाहेरचा पत्रा मायनस, नळीची आतली भिंत प्लस आणि काडी ही ओळखीची तार. प्रोबचं टोक आतल्या भिंतीला आणि काडीला एकाच वेळी टेकलं तर ओळखीच्या तारेवर १९ व्होल्ट चढतात, आणि अडॅप्टरमधली चिप जाऊ शकते. प्रोबला टोकाचे दोन मिलिमीटर सोडून श्रिंक स्लीव्ह (गरम केल्यावर आवळणारी प्लास्टिकची नळी) चढवा आणि भिंतीला आतून तिरका टेकवा.

पाऊलवाट

या काडीचं काम नक्की काय? नवा, त्याच व्होल्टचा, दुसऱ्या कंपनीचा अडॅप्टर लावला तर लॅपटॉप चालतो पण चार्ज होत नाही, असं ज्याच्या-त्याच्याकडून ऐकू येतं.

सुटा स्क्रू

त्याचं कारण हीच काडी. डेलच्या अडॅप्टरमध्ये वन-वायर पद्धतीची छोटी मेमरी चिप असते. तिच्यात अडॅप्टर किती वॅटचा ते लिहिलेलं असतं आणि लॅपटॉप काडीवाटे ते वाचतो. वाचता आलं नाही की चालू होताना अडॅप्टरचा प्रकार ओळखता येत नसल्याची सूचना येते, लॅपटॉप चालतो, पण बॅटरी चार्ज करत नाही आणि प्रोसेसरचा वेगही उतरवतो. न ओळखलेला अडॅप्टर ४५ वॅटचा असेल तर त्याच्यावर ९० वॅटचा भार टाकायचा नाही, म्हणून ही काळजी. लेनोवोच्या आयताकृती पिनमध्ये हेच काम मधल्या पिनला लावलेला रेझिस्टर करतो. रोध मोजून लॅपटॉप वॅट ओळखतो.

तपासायला डेलच्या बायोसमध्ये बॅटरीच्या पानावर ‘एसी अडॅप्टर’ ही ओळ बघा. तिथे ६५ किंवा ९० वॅट असं दिसलं तर ओळख पटली. ‘अननोन’ दिसलं तर आधी टॉर्च लावून पिनमध्ये बघा: काडी सरळ आहे की वाकून भिंतीला चिकटली आहे? वाकलेली असेल तर बारीक चिमट्याने सावकाश मध्यावर आणा, वायर भिंतीतून काढूनच. काडी सरळ असेल तर तसाच दुसरा मूळ अडॅप्टर लावून बघा. त्यालाही ‘अननोन’ आलं तर दोष लॅपटॉपच्या जॅकमध्ये किंवा बोर्डाकडे जाणाऱ्या ओळखीच्या तारेत.

वायर तुटल्यावर सांधतानाही हे ध्यानात ठेवा. आत दोन नव्हे, तीन वाहक निघतात, आणि तिसरा केसाएवढा. तो न जोडता सांधलेला अडॅप्टर लॅपटॉप चालवेल, बॅटरी भरणार नाही.

कपॅसिटर

यूएसबी-सी वाल्यांसाठी वेगळं लिहितो, कारण तिथे सगळा व्यवहार बोलण्यावर चालतो.

सी पिन लावल्यावर सुरुवातीला फक्त ५ व्होल्ट येतात. मग चार्जर आणि लॅपटॉप सीसी नावाच्या पिनवरून पॉवर डिलिव्हरीच्या (पीडी) भाषेत बोलतात. चार्जर आपल्याकडे काय काय आहे ते सांगतो, साधारण ५, ९, १५ आणि २० व्होल्ट, आणि लॅपटॉप मागणी करतो. बोलणं फिसकटलं तर ५ व्होल्टवरच राहतं, आणि तेवढ्यावर बहुतेक लॅपटॉप चार्ज होत नाहीत.

म्हणून या कामाला सर्वांत उपयोगी वस्तू म्हणजे दोन्ही टोकांना सी असलेला छोटा यूएसबी मीटर. लॅपटॉप बंद ठेवून तो मध्ये लावा आणि बघा. ० व्होल्ट: चार्जरला लॅपटॉप जोडल्याचंच कळलेलं नाही. केबल, पोर्ट किंवा सीसी पिन. ५ वर अडकला: ओळख पटली, करार झाला नाही. चार्जर पॉवर डिलिव्हरीचा नसेल, किंवा लॅपटॉपचा पीडी कंट्रोलर रुसला असेल. २० व्होल्ट पण ०.१ अँपिअरच्या आत: करार झाला, लॅपटॉप बॅटरीला देत नाहीये. मग निळा पडदा यांनी सांगितलेली मर्यादा आणि पुढे बॅटरी तपासा. २० व्होल्ट आणि दीडदोन अँपिअर: चार्जिंग चालू आहे, पडद्यावर काहीही लिहिलेलं असो.

पिन उलटी करून लावून बघायलाही विसरू नका. सी पिन दोन्ही बाजूंनी लागते, पण पोर्टमध्ये सीसीच्या दोन वेगळ्या पिना असतात आणि एका वेळी त्यातली एकच वापरली जाते. एका बाजूने चार्ज होतं आणि उलटवल्यावर होत नाही, तर पोर्टातली एक सीसी पिन घाणीने झाकली आहे किंवा वाकली आहे. याइतकं नेमकं निदान उघडल्याशिवाय दुसऱ्या कशाने मिळत नाही.

केबलचं म्हणाल तर ‘सी ते सी’ एवढंच पुरेसं नाही. ई-मार्कर चिप (केबलची क्षमता सांगणारी) नसलेली केबल ३ अँपिअरपर्यंतच, म्हणजे २० व्होल्टवर ६० वॅट. त्यावरच्या वॅटला ५ अँपिअरची, चिपवाली केबल हवी. २०२१ च्या पॉवर डिलिव्हरी ३.१ पासून ४८ व्होल्ट आणि २४० वॅटपर्यंत जाता येतं, पण त्यासाठी चार्जर, केबल आणि लॅपटॉप तिन्ही त्या पात्रतेचे लागतात. ‘ए ते सी’ केबलने लॅपटॉप चार्ज होण्याची अपेक्षा ठेवू नका. आणि लॅपटॉपचा प्रत्येक सी पोर्ट चार्जिंग घेतोच असं नाही. पोर्टाशेजारी प्लग किंवा बॅटरीचं चिन्ह आहे का बघा, नाहीतर मॅन्युअलमध्ये खात्री करा.

पोर्टातला कचरा काढायला लाकडी टूथपिक, लॅपटॉप बंद करून. मधल्या पातळ जिभेला आडवा जोर देऊ नका. खिशातल्या कपड्याचे तंतू तळाशी दाबून नमद्यासारखा थर झालेला असतो. तो निघाल्यावर पिन जवळपास एक मिलिमीटर अधिक आत जाते आणि ‘खट्’ असा बसल्याचा अंदाज येतो.

उन्हाळी

आमच्याकडे येणाऱ्या प्रश्नांत चौथं लक्षणही यूएसबी-सीवर जास्त दिसतं. २३० वॅटच्या गोल पिनवर चालणारा गेमिंग लॅपटॉप १०० वॅटच्या सी चार्जरवर लावला तर हलक्या कामात बॅटरी भरेल, खेळ सुरू केला की उतरेल. बिघाड नाही. हबमधून चार्जिंग घेत असाल तर हब स्वतःसाठी काही वॅट राखून ठेवतो, तेवढे वजा करा.

रानवारा

अडॅप्टरचा दिवा एरवी पेटतो. लॅपटॉपला पिन लावली की विझतो किंवा लुकलुकतो. पिन काढली की काही सेकंदांनी पुन्हा पेटतो. जॅक बदलायचा का?

तांबडी तार

थांबा, आणि पुन्हा पुन्हा लावून बघू नका. हे शॉर्टचं लक्षण आहे. लॅपटॉपच्या आत प्लस आणि मायनस जवळजवळ थेट जोडले गेले आहेत, अडॅप्टर ते ओळखून स्वतःला बंद करतो आहे. आधी दुसऱ्या, चांगल्या अडॅप्टरवर एकदाच खात्री करा, कारण मरायला टेकलेला अडॅप्टरही भार आला की असाच विझतो. तोही विझला तर शॉर्ट जॅकमध्ये आहे की बोर्डावर, एवढंच उरतं.

लॅपटॉप उघडून बॅटरीचा कनेक्टर काढा. जॅक वायरीने जोडलेला असेल तर तो बोर्डापासून सोडवा आणि मीटर ओहमवर ठेवून जॅकच्या प्लस-मायनसमध्ये मोजा. तिथे रोध जवळजवळ शून्य आला तर जॅक दोषी, सुटलात. जॅक साफ असेल तर बोर्डावरच्या त्याच कनेक्टरवर मोजा. आकडा कपॅसिटर भरत गेल्यासारखा वर सरकत गेला तर ठीक. एकदोन ओहमच्या खाली स्थिर राहिला तर बोर्डावर शॉर्ट.

दहा ओहम

बोर्डावर पुढे काय असतं ते थोडक्यात, हाताखाली मायक्रोस्कोप आणि पॉवर सप्लाय असणाऱ्यांसाठी. जॅकनंतर बऱ्याचदा फ्यूज, मग पाठीला पाठ लावलेली दोन मॉसफेट (वीज चालू-बंद करणारे इलेक्ट्रॉनिक स्विच), मग काही मिलिओहमचा करंट मोजणारा रेझिस्टर, मग मुख्य लाइन आणि चार्जर आयसी. शॉर्ट पहिल्या मॉसफेटच्या अलीकडे आहे की पलीकडे हे आधी ठरवा. सर्वांत जास्त वेळा दोषी निघतो तो सिरॅमिक कपॅसिटर.

तो शोधायला पॉवर सप्लाय १ व्होल्ट आणि १ ते २ अँपिअरच्या मर्यादेवर लावून शॉर्ट झालेल्या लाइनला जोडा आणि त्या भागावर आयसोप्रोपिल अल्कोहोलचा पातळ थर द्या. थर सगळीकडे चमकत राहतो आणि एका ठिपक्यापासून कोरडा होत पसरतो. तो ठिपका म्हणजे शॉर्ट. व्होल्टेज वाढवायचा मोह टाळा. मॉसफेट फुटलेलं असेल तर १९ व्होल्ट प्रोसेसरकडे जायला वाट मिळते.

शॉर्ट नाही, १९ व्होल्ट पहिल्या मॉसफेटपर्यंत येतात आणि पुढे जात नाहीत, तर चार्जर आयसीने अडॅप्टर मान्य केलेला नाही. टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सच्या बीक्यू२४७३५ सारख्या आयसीत एसीडेट नावाच्या पिनवर २.४ व्होल्टपेक्षा जास्त यावे लागतात, तेव्हाच तो एसीओके, म्हणजे अडॅप्टर ठीक असल्याचा इशारा, देतो. तिथे दोन रेझिस्टरनी १९ व्होल्टचा वाटा काढलेला असतो. त्यातला एक गंजून आतून तुटला की सगळं सुरळीत असूनही लॅपटॉपला अडॅप्टर ‘दिसत’ नाही. पाणी सांडलेल्या बोर्डांवर हे आवर्जून बघा.

पाऊलवाट

पॉवरचं बटण तीस सेकंद दाबून धरा, हा सल्ला सगळीकडे असतो. त्याने खरंच काही होतं?

निळा पडदा

होतं, आणि कारणही सांगता येतं. बॅटरी किती व्होल्ट, किती अँपिअरने भरायची हे चार्जर आयसी स्वतः ठरवत नाही. एम्बेडेड कंट्रोलर त्याला वारंवार सांगत राहतो. वर उल्लेख झालेल्या बीक्यू२४७३५ ला मूळ सेटिंगमध्ये १७५ सेकंद नवी आज्ञा आली नाही तर तो चार्जिंग थांबवतो. सुरक्षेसाठी हे योग्यच आहे. पण कंट्रोलर अडकला तर चार्जिंग बंद, आणि विंडोज कितीही वेळा रीस्टार्ट केलं तरी कंट्रोलर रीस्टार्ट होत नाही, कारण त्याला वीज मिळतच असते. त्याची वीज पूर्ण तोडावी लागते.

पद्धत: लॅपटॉप बंद करा, अडॅप्टर आणि बाकी सगळ्या वायरी काढा. बॅटरी निघणारी असेल तर काढा. पॉवर बटण ३० सेकंद सलग धरा. बॅटरी न लावता आधी फक्त अडॅप्टरवर सुरू करून बघा, मग बंद करून बॅटरी लावा. बॅटरी आत बंदिस्त असेल तर बऱ्याच थिंकपॅडना तळाशी टाचणीएवढं रीसेटचं भोक असतं, त्यात पेपर क्लिपचं टोक हलकेच दाबायचं. भोक नसेल तर बायोसमध्ये ‘डिसेबल बिल्ट-इन बॅटरी’ सारखा पर्याय शोधा, किंवा तळ उघडून कनेक्टर एक मिनिट काढून ठेवा. अ‍ॅपल सिलिकॉनच्या मॅकबुकला वेगळा रीसेट नाही. बंद करून अर्धा मिनिट थांबून सुरू करणं पुरतं.

डिव्हाइस मॅनेजरमधून ‘एसीपीआय कम्प्लायंट कंट्रोल मेथड बॅटरी’ काढून रीस्टार्ट करणं हा दुसरा लोकप्रिय उपाय. मला तो फारसा भरवशाचा वाटत नाही. ड्रायव्हर टक्का दाखवतो, चार्जिंग चालवत नाही. बंद लॅपटॉपही चार्ज होत नसेल तर त्यात वेळ घालवू नका.

सुटा स्क्रू

इथे थोडा मतभेद. दाखवलेला टक्काच चुकत असेल, उदाहरणार्थ बॅटरी नवी बसवल्यावर ० वर अडकला असेल, तर ड्रायव्हर काढून पुन्हा येऊ दिल्याने आकडा सुधारतो. चार्जिंग सुधारत नाही, हे मान्य.

रानवारा

बॅटरी खरंच गेली आहे हे कशावरून ठरवायचं? बॅटरी बाहेर काढून पिनांवर मीटर लावला तर शून्य दिसतं.

कपॅसिटर

शून्यावरून काहीच ठरत नाही! बऱ्याच बॅटऱ्या बाहेर काढल्या की स्वतःचं आउटपुट बंद करतात. कनेक्टरवर दोनतीन प्लस, दोनतीन मायनस, क्लॉक, डेटा, थर्मिस्टर आणि बहुतेकदा एक ‘बॅटरी हजर’ पिन असते. ही शेवटची पिन लॅपटॉपमध्ये मायनसला टेकते तेव्हाच आतलं सर्किट वीज सोडतं. पिनांचा नकाशा हाताशी नसताना अंदाजाने तिथे तार लावू नका.

त्यापेक्षा बॅटरीलाच विचारा. विंडोजमध्ये कमांड प्रॉम्प्ट उघडा, इंग्रजी अक्षरांत पॉवरसीएफजी, एक जागा सोडून स्लॅश आणि त्याला जोडून बॅटरीरिपोर्ट असं टाइप करा. एचटीएमएल फाइल तयार होते आणि ती कुठे ठेवली तेही लिहून येतं. तिच्यात ‘डिझाइन कपॅसिटी’ आणि ‘फुल चार्ज कपॅसिटी’ हे दोन आकडे शेजारी लावा. ५०,००० मिलिवॅट-अवरची बॅटरी ४२,००० वर असेल तर वयानुसार ठीक. २५,००० च्या खाली गेली तर बदलायची वेळ झाली. अहवालात बॅटरीच नसेल तर संवादाच्या पिना, कनेक्टर किंवा बॅटरीचं सर्किट तुटलं आहे.

पूर्ण उतरून महिनोन्महिने पडून राहिलेली बॅटरी वेगळी हाताळा. सेल ३ व्होल्टच्या खाली गेला की चार्जर आधी अगदी थोडा करंट देतो. पहिला अर्धा-पाऊण तास टक्का ० च राहतो, म्हणून लगेच हार मानू नका. पण सेल फारच खाली गेला असेल तर बॅटरीचं सर्किट चार्ज घ्यायला नकार देतं, आणि तो नकार मोडून बाहेरून पॉवर सप्लायने सेल उठवायचे व्हिडिओ बघून तसं करू नका. अतिशय उतरलेल्या सेलमध्ये आतल्या पत्र्याचं तांबं विरघळतं आणि पुन्हा चार्ज करताना भलत्या जागी साठून आतून शॉर्ट करू शकतं. आग लागते ती अशा सेलना.

उन्हाळी

फुगलेल्या बॅटरीसाठी वेगळी तपासणी लागत नाही. टचपॅड वर आलेला, त्याची क्लिक घट्ट झालेली, तळ सपाट टेबलावर डुगडुगतो, झाकण नीट मिटत नाही. यातलं एकही दिसलं तर चार्जिंग लगेच बंद. अडॅप्टर काढा, शक्य तेवढी उतरू द्या, आणि काढताना धातूची पट्टी खाली घालून उचकटू नका. टोचायची नाही, दाबून सपाट करायची नाही, घरच्या कचऱ्यात टाकायची नाही. ई-कचरा घेणाऱ्यांकडेच द्यायची, कनेक्टरवर चिकटपट्टी लावून.

रानवारा

आणि नवी बॅटरी बसवूनही चार्ज होत नसेल तर?

सुटा स्क्रू

कनेक्टर. पट्टीसारखा कनेक्टर एका बाजूने बसतो आणि दुसरी बाजू अर्धा मिलिमीटर उचललेली राहते. मग वीज जाते पण डेटाची पिन टेकत नाही. दोन्ही टोकं नखाने दाबून बघा. मग पार्ट नंबर आणि व्होल्टेज ताडा: ११.४ व्होल्टच्या जागी ७.६ ची बॅटरी आकाराने बसली तरी चालणार नाही. काही थिंकपॅड मॉडेल अनधिकृत बॅटरी ओळखून चार्ज करायला नकार देतात, तसा संदेशही येतो.

दहा ओहम

राहिला जॅक, तिसरं लक्षण. पिन लावून हलकेच वरखाली, डावीउजवीकडे हलवा. एखाद्याच कोनात चार्जिंग येत असेल तर आधी दुसरा अडॅप्टर लावून तेच करा. तरीही तसंच झालं तर जॅक. आत टॉर्च मारून बघा: प्लास्टिक पिवळं-तपकिरी पडलंय का, कडा वितळल्यात का? ढिल्या संपर्कात अर्धा ओहम रोध जरी आला तरी ३.३ अँपिअरला तिथे साडेपाच वॅट उष्णता होते, तीही वाटाण्याएवढ्या जागेत. पिन दहा मिनिटांनी बोटाला चटका देत असेल तर वापर थांबवा, नाहीतर जॅकबरोबर अडॅप्टरची पिनही जळते.

जॅक वायरीने जोडलेला असेल तर काम सोपं: तळाचे स्क्रू काढताना कुठला कुठून निघाला ते कागदावर मांडा, लांब स्क्रू आखूड जागी गेला तर बोर्डात किंवा टचपॅडमध्ये घुसतो. आधी बॅटरीचा कनेक्टर, मग जॅकचे एकदोन स्क्रू, मग वायरीचा कनेक्टर.

बोर्डावर सोल्डर केलेला जॅक मात्र निवांतपणे काढा. मायनसचे पाय तांब्याच्या मोठ्या थराला जोडलेले असतात आणि तो थर सगळी उष्णता पिऊन टाकतो. ६० ते ८० वॅटचं सोल्डरिंग आयर्न, जाड टोक, ३५० ते ३८० अंश. आधी प्रत्येक पायावर फ्लक्स आणि थोडं शिसंयुक्त सोल्डर घाला म्हणजे मूळचं सोल्डर कमी तापमानाला वितळतं. एकेक पाय विक (सोल्डर शोषणारी तांब्याची जाळीदार पट्टी) लावून मोकळा करा. जॅक आपल्या वजनाने हलायला लागेपर्यंत ओढायचा नाही. ओढला तर भोकातलं तांब्याचं अस्तर जॅकबरोबर बाहेर येतं आणि आतल्या थरांशी जोड कायमची तुटते. नवा बसवल्यावर बॅटरी लावण्याआधी प्लस-मायनसमध्ये मीटरचा बीप वाजत नाही ना हे बघा आणि मगच अडॅप्टर लावा.

रानवारा

दुसऱ्या चांगल्या अडॅप्टरवरही दिवा विझतो. जॅक सोडवून मोजला, त्यात शॉर्ट दिसत नाही. बोर्डाच्या कनेक्टरवर ०.४ ओहम स्थिर.

तांबडी तार

मग जॅक मागवू नका, आणि बॅटरीही नाही. प्रोब एकमेकांना टेकवून किती येतं ते बघा, ०.२-०.३ मीटरच्या वायरींचेच असतात, ते वजा करा. उरतो तो शॉर्ट. आता मीटर मोजत असताना पहिल्या मॉसफेटच्या दोन्ही बाजू बघा आणि इथे दोन्ही आकडे लिहा. त्यावरून अलीकडचा कपॅसिटर शोधायचा की पलीकडची लाइन हे ठरेल. बोर्ड दुरुस्तीला देणार असाल तरी हे दोन आकडे चिठ्ठीवर लिहून सोबत द्या.